आरएसव्ही, प्रतिजैविके आणि लसीला झालेला उशीर

चार महिन्यांच्या बाळाला आरएसव्हीचा (श्वसनमार्गाला बाधणाऱ्या एका विषाणूचा) संसर्ग असूनही डॉक्टरांनी प्रतिजैविक का दिले नाही, असे वर एका ताईंनी विचारले आहे. माझ्या मते त्यांनी योग्यच केले. जिवाणूंवरचे औषध विषाणूला लागू पडत नाही, आणि या आजारातली खरी अडचण असते ती फुप्फुसांतील अतिसूक्ष्म श्वासनलिकांना सूज येऊन त्या चिकट स्रावाने भरण्याची. म्हणून नाक मोकळे ठेवणे, थोडे थोडे पण वारंवार दूध पाजणे आणि गरज पडल्यास ऑक्सिजन देणे, हाच मुख्य उपचार ठरतो. (गरम पाण्याचा वाफारा मात्र नको, बाळ भाजण्याचा धोका असतो.)

बाळ शांत असताना पूर्ण एक मिनिट श्वास मोजावेत. दोन महिने ते एक वर्ष या वयात ते 50 किंवा त्याहून अधिक भरले, छाती आत ओढली जाऊ लागली किंवा बाळाने दूध सोडले, तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठावे.

लस इतक्या उशिरा का आली, या प्रश्नामागे एक दुःखद इतिहास आहे. 1960च्या दशकात अमेरिकेत निष्क्रिय विषाणूची लस टोचलेल्या बालकांना पुढे खरा संसर्ग झाला, तेव्हा आजार उलट बळावला आणि दोन बालके दगावली. विषाणूच्या पृष्ठभागावरील एफ प्रथिनाची (ज्याच्या साह्याने तो आपल्या पेशीत शिरतो) पेशीत शिरण्यापूर्वीची रचना 2013 मध्ये उलगडल्यावरच वाट मोकळी झाली, आणि 2023 मध्ये, जन्मणाऱ्या बाळाला संरक्षण मिळावे म्हणून गर्भवतींना द्यायच्या लसीला अमेरिकेत मान्यता मिळाली.