चोरी करणाऱ्या बायकांवर एक्सपेरिमेंटल शॉर्टफिल्म, चेहरे दाखवू की नको?

निळी_छत्री:
मंडळी, शेवटच्या वर्षाचा प्रोजेक्ट करतेय, सात-आठ मिनिटांची फिल्म, डायलॉग शून्य. विषय लंडनची फॉर्टी एलिफंट्स टोळी. एलिफंट अँड कॅसल भागातल्या बायका नटूनथटून वेस्ट एंडच्या मोठ्या दुकानांत जायच्या आणि फर, रेशीम, दागिने उचलायच्या, कोटाला आतून खोल खिसे शिवलेले. 1920 च्या आसपास म्होरकी होती अ‍ॅलिस डायमंड. चेहरा न दाखवता फक्त हात दाखवायचे असं डोक्यात आहे. आणि गाइड म्हणतायत शेवटी आपल्याकडची पारधी वस्ती जोड. काय वाटतं?

रिळवाला:
हात नको गं, फ्रेंच दिग्दर्शक ब्रेसाँने 1959 मध्येच 'पिकपॉकेट' या सिनेमात हात इतके दाखवलेत की परीक्षक तेच म्हणणार. तू कपडे दाखव. बाई आत जाताना सडपातळ, बाहेर येताना ओचा भरलेल्या आजीसारखी फुगलेली, आणि चालणं मात्र तस्संच ताठ, सगळी गंमत त्या चालण्यात आहे. अस्तराची शिवण उसवून रेशमाचं टोक आत सरकतंय आणि मागे काउंटरवरची सेल्सगर्ल हसून "अजून काही दाखवू?" विचारतेय, हा आवाज ठेव, बाकी म्युझिक वगैरे काढून टाक.

माळरान:
पारधी वस्ती अजिबात नको, प्लीज. लंडनच्या बायकांनी चोरी केली म्हणून त्यांना चोर म्हटलं, इथे पारध्यांना 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्याने जन्मालाच गुन्हेगार ठरवलं, सोलापूरला तारेच्या कुंपणात ठेवलं, 1952 ला कायदा गेला तरी कुठे चोरी झाली की पोलीस आधी पालावरच येतात. तू ते दोन मिनिटांत 'जोडलंस' तर तोच शिक्का परत मारशील. गाइडना हेच सांग.

चहा_बिस्कीट:
माळरानला +1. जोडायचंच असेल तर तिथलीच श्रीमंत बाई जोड की! त्याच काळात बंगलेवालीने दुकानात काही ढापलं तर डॉक्टर क्लेप्टोमेनिया (चोरीची अनावर इच्छा होण्याचा मानसिक आजार) म्हणून सर्टिफिकेट द्यायचे आणि मॅडम घरी, गरीब बाई मात्र थेट तुरुंगात. एकच कोट दोघींना घाल, चेहऱ्याची गरजच नाही मग. फक्त खरी फर कुठे शोधत बसू नकोस, खोटी झूममध्ये कळते पण सात मिनिटांत कोण बघतंय.