'राइट टु बी हर्ड' : मत, सुनावणी की म्हणणे?

प्रश्न : ग्राहकांच्या हक्कांची मराठी यादी तपासतो आहे. 'राइट टु बी हर्ड' या हक्कासाठी एका पुस्तिकेत 'मत मांडण्याचा हक्क', दुसरीत 'तक्रार करण्याचा हक्क' आणि तिसरीत 'सुनावणीचा हक्क' असे सापडले. यांतला कोणता ठेवावा?

उत्तर : 'मत' आधी काढा. बंद पडलेल्या यंत्राची पावती घेऊन ग्राहक आयोगात (ग्राहकांच्या तक्रारींचा निवाडा करणाऱ्या यंत्रणेकडे) आलेला माणूस मत मांडत नसतो, घडलेली गोष्ट सांगत असतो. 'मत' इथे कसे आले असावे, याचा अंदाज मात्र बांधता येतो. १५ मार्च १९६२ रोजी अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांनी ग्राहकांचे चार हक्क मांडले. त्यांतल्या या हक्काला दोन अंगे होती : सरकारी धोरण ठरवताना ग्राहकहिताचा पुरेपूर विचार व्हावा आणि न्यायाधिकरणांत ग्राहकाला न्याय्य व वेळेत वागणूक मिळावी. पहिल्या अंगाला 'मत' शोभते. आपल्याकडे १९८६च्या ग्राहक संरक्षण कायद्यात हा हक्क आला तो ऐकले जाण्याचा आणि योग्य व्यासपीठावर ग्राहकहिताचा यथोचित विचार होईल या हमीचा. २०१९च्या कायद्यातही तो तसाच आहे.

'तक्रार करण्याचा हक्क' हेही अपुरे वाटते. तक्रार करणे ही सुरुवात झाली, पुढे ती कुणी ऐकायला नको का? मूळ इंग्रजी शब्दरचना कर्मणी आहे. त्यात कर्तव्य समोरच्यावर आहे. मराठीत 'मांडण्याचा हक्क' म्हटले की सगळा भार बोलणाऱ्यावर येतो आणि ऐकणारा मोकळा सुटतो. म्हणून मी 'म्हणणे ऐकून घेतले जाण्याचा हक्क' असे लिहीन. लांब आहे, कबूल. पण 'ऐकून घेणे' यातला 'घेणे' मोलाचा आहे. नुसते 'ऐकणे' मराठीत दोन टोकांना जाते : कानावर पडणे किंवा आज्ञा मानणे ('पोरगं ऐकत नाही'). 'ऐकून घेणे' म्हणजे निर्णय राखून ठेवून, दुसऱ्याला पुरते बोलू देणे. लॅटिन सूत्र 'ऑडी आल्तेरम पार्तेम', म्हणजे दुसरी बाजूही ऐका, त्याला हेच अभिप्रेत आहे.

आणखी एक : 'सुनावणी' हा रुळलेला शब्द आहे, तो राहू द्या, पण हक्काचे नाव म्हणून मला तो खटकतो. मराठीत 'सुनावणे' म्हणजे बोलणे, तेही वरच्याने खालच्याला : शिक्षा सुनावली, चार शब्द सुनावले. पहिल्यांदा नोटीस हातात पडलेली माणसे 'सुनावणी' वाचून दचकतात, आपल्यालाच काही ऐकवणार असे त्यांना वाटते. तक्रारअर्ज लिहायला मदत करताना हे मी अनेकदा पाहिले आहे. शब्दाची घडण प्रयोजक आहे. ऐकवणारे पक्षकार आणि ऐकणारा आयोग, असा अर्थ लावला तर तो नीट बसतो. हे समजावून सांगावे लागते, इतकेच.

पुरवणी : कायद्यातली 'सुनावणी' तोंडीच असते असेही नाही. २०१९च्या कायद्याच्या कलम ३८ प्रमाणे तक्रार शपथपत्र आणि कागदोपत्री पुराव्यावर ऐकली जाते. समक्ष किंवा दूरदृश्य पद्धतीने बोलायचे असेल तर तसा अर्ज द्यावा लागतो. पुरेसे कारण दिसले तर आयोग ते लेखी नोंदवून परवानगी देऊ शकतो. म्हणून 'म्हणणे' हा शब्द चपखल आहे, कारण निकालपत्रांत तो लेखीसाठीच वापरतात : 'लेखी म्हणणे दाखल केले'. यालाच 'कैफियत'ही म्हणतात. ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याला कुठे 'सामनेवाला', कुठे 'जाबदेणार', कुठे 'गैरअर्जदार', कुठे 'विरुद्ध पक्ष' म्हणतात. चारही एकच. यांत 'जाबदेणार' मला सर्वांत आवडतो, कारण त्यात काम सांगितलेले आहे.

प्रश्न : मग 'एकतर्फा आदेश' म्हणजे ऐकून न घेता दिलेला, म्हणजे अन्यायच ना?

उत्तर : नाही, आणि हा गैरसमज दूर व्हायलाच हवा. बोलीत 'एकतर्फी' म्हणजे पक्षपाती. कायद्यात 'एकतर्फा' म्हणजे नोटीस बजावूनही दुसरा आला नाही किंवा त्याने म्हणणे दिले नाही. संधी दिली होती, ती घेतली नाही. म्हणणे देण्यासाठी ३० दिवस, फार तर आणखी १५. त्यापुढे आयोगालाही मुदत वाढवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने मार्च २०२० मध्ये १९८६च्या कायद्याबाबत स्पष्ट केले. तरीही तक्रारदाराचे शब्द आपोआप खरे ठरत नाहीत, त्याच्या पुराव्यावरच निर्णय होतो. उलट बाजूही बघा : तक्रारदाराला म्हणणे मांडू दिल्याशिवाय त्याची तक्रार दाखल करून घेण्याच्या टप्प्यावर फेटाळता येत नाही.

तेव्हा पुस्तिकेत 'एकतर्फा' हाच शब्द ठेवा, 'एकतर्फी' नको. आणि कंसात 'दुसरा पक्ष गैरहजर असताना' एवढे लिहा.

प्रश्न : आणि 'दाद'?

उत्तर : ठेवा. फारसीत 'दाद' म्हणजेच न्याय, त्यामुळे 'दाद मागणे' अगदी नेमके आहे. आयोगाकडे काय मागता, त्या रकान्यासाठी 'अनुतोष' छापतात. तिथेही 'मागितलेली दाद' लिहिले तर अर्ज भरणाऱ्याला कुणाला विचारावे लागणार नाही.