देवाच्या नाटकात मेंढीचोर कशाला? मिस्टरी प्लेजबद्दल मदत हवी

गिरणाकाठची:
नमस्कार मंडळी. मी एमए इंग्लिश पहिल्या वर्षाला आहे, भडगाव तालुक्यातून रोज एसटीने कॉलेजला येणं-जाणं करते. पुढच्या आठवड्यात माझा सेमिनार आहे, विषय मध्ययुगातल्या इंग्लंडमधली धार्मिक नाटकं, म्हणजे ज्यांना मिस्टरी प्लेज म्हणतात ती. गाईडमधे दीड पान आहे, त्यात यॉर्क, चेस्टर, वेकफिल्ड, एन-टाऊन ही नाटकांच्या चार संचांची नावं आणि यॉर्कची साधारण ४८, चेस्टरची २४, वेकफिल्डची ३२ असे आकडे. ते पाठ झालं पण मन भरलं नाही म्हणून वेकफिल्डच्या संचातलं 'सेकंड शेफर्ड्स प्ले' सोप्या इंग्रजीत मिळालं ते दोन रात्री जागून वाचून काढलं.

आता अडलंय ते सांगते. नाटक येशूच्या जन्माचं, पण अर्ध्याहून जास्त भाग मॅक नावाच्या मेंढीचोराचा. तो रात्री मेंढी पळवतो, त्याची बायको गिल ती मेंढी पाळण्यात घालून वर कापड टाकते आणि स्वतः बाळंतीण असल्यासारखी कण्हत पडते, मेंढपाळ घराची झडती घेतात तेव्हा ती शपथ घेते की मी तुम्हाला फसवत असेन तर या पाळण्यातलं पोर मी खाईन. देवदूत येतो तो पार शेवटी. वर्गात सांगितलं की हा कॉमिक रिलीफ आहे, लोक कंटाळू नयेत म्हणून घातलाय. मला ते पटत नाहीये पण का पटत नाही ते मांडता येत नाही. आणि दुसरं, चाकांच्या गाड्यांवर नाटक करायचे म्हणजे नेमकं कसं? कोणी नीट समजावून सांगेल का, प्लीज.

बोरीकाठ:
ताई, मी अमळनेरचा, ३० वर्षं इंग्रजी शिकवून रिटायर झालोय, तुमचा प्रश्न वाचून खूप बरं वाटलं. आधी गाडीचं सांगतो कारण ते कळलं की चोराचंही निम्मं कळतं.

ही नाटकं चर्चच्या आत सुरू झाली. दहाव्या शतकात ईस्टरच्या प्रार्थनेत चार ओळींचा एक संवाद असायचा, कबरीवर आलेल्या स्त्रियांना देवदूत विचारतो की तुम्ही कोणाला शोधताय. तो लॅटिनमधे, आणि म्हणणारे धर्मगुरूच. यॉर्कला जे झालं ते मात्र रस्त्यावरचं आणि लोकांच्या बोलीतलं. कॉर्पस ख्रिस्टी नावाचा सण असतो, मे-जूनच्या सुमाराला, त्या दिवशी पहाटे साडेचारला सुरुवात. मिकलगेट रस्त्यावर पहिला मुक्काम, तिथून शहरातून फिरत पेव्हमेंट नावाच्या चौकात शेवट, मधे मिळून १२ मुक्काम. प्रत्येक नाटकाची वेगळी गाडी. पहिल्या मुक्कामाला सृष्टीच्या निर्मितीचं नाटक झालं की ती गाडी पुढे ओढायची, मागून दुसरी गाडी येणार, म्हणजे माणसं एका जागी उभी आणि जगाच्या आरंभापासून शेवटच्या न्यायापर्यंत सगळं त्यांच्यासमोरून सरकत जाणार. एका दिवसात सगळी नाटकं सगळ्या मुक्कामांवर बसतात कशी यावर अभ्यासकांचे वाद आहेत, पण गाड्या, मुक्काम आणि पहाटेची वेळ हे शहराच्या दप्तरातच लिहिलेलं आहे. गाडीलाही पेजंट म्हणत आणि नाटकालाही पेजंटच.

आता मुख्य गोष्ट. ही नाटकं कोण करायचं? कारागीर. प्रत्येक धंद्याची पंचायत असायची, त्याला गिल्ड म्हणतात, आणि एकेका गिल्डकडे एकेक नाटक. १४१५ मधे यॉर्कच्या टाऊन क्लार्कने कोणाकडे कोणतं याची यादी करून ठेवलीय. बायबलमधल्या महापुराच्या गोष्टीतला नोहा, त्याची नाव बांधायचं नाटक जहाज बांधणाऱ्यांकडे, पुराचं कोळी आणि खलाशांकडे, शेवटच्या भोजनाचं पाववाल्यांकडे, तीन राजे सोनं घेऊन येतात ते सोनारांकडे. आणि क्रुसावर चढवण्याचं खिळे-टाचण्या करणाऱ्या पिनर लोकांकडे. ज्याने आठवडाभर खिळे घडवले तोच त्या दिवशी गाडीवर उभा राहून येशूच्या हातात खिळा ठोकण्याचं सोंग करतोय, हे डोळ्यांसमोर आणा.

ते नाटक जरूर वाचा. चार शिपाई कामाला लागतात आणि लाकडाला पाडलेली भोकं चुकलेली निघतात, हात पोचतच नाही. मग एकमेकांवर खेकसणं, दोरी बांधून हात ओढणं, क्रूस उचलताना खांदा निखळला म्हणून ओरडणं, हे सगळं कुठल्याही साईटवर रोज ऐकू येतं तसं. येशू त्या अख्ख्या नाटकात दोनदाच बोलतो. त्यांच्या लक्षातच येत नाही आपण काय करतोय, कामात इतके गुंतलेले. मला हे शिकवताना दरवर्षी आवंढा यायचा.

तर ताई, याला कॉमिक रिलीफ म्हणणं फार उथळ आहे. देवाची गोष्ट आपल्या हातातल्या कामातून सांगायची ही त्या लोकांची रीत होती.

सातपुडा२२:
सर तुमचं बरोबर असेल पण गर्दी धरून ठेवायला विनोद लागतोच ना, आमच्याकडे यात्रेत तमाशात आधी गण, मग गवळण, त्यात मावशी येते ती हसवायलाच, तेव्हा लोकांना हसवायला चोर घातला असं म्हटलं तर चूक काय?

बोरीकाठ:
चूक नाही दादा, हसवायला आहेच, लोक पोट धरून हसले असणार. पण गणात ज्याला हात जोडले त्याच्यासमोरच गवळण होते ना, आपण तिला गणापासून तोडून बघत नाही. माझं म्हणणं एवढंच की हसू आलं म्हणजे भक्ती संपली असं त्या प्रेक्षकांना वाटत नव्हतं. चेस्टरला नोहाची बायको मैत्रिणींना सोडून नावेत चढायला तयार नसते, तिला ओढून चढवावं लागतं आणि चढल्यावर ती नोहाला थोबाडीत देते. त्यावर लोक हसले आणि त्याच लोकांनी पुराला हातही जोडले.

मोगरीवाला_जळगाव:
मला नाटकातलं काही कळत नाही पण गाडीचं वाचून राहवलं नाही. कार्तिकी एकादशीला आमच्या रामाचा रथ निघतो, आमच्या घरातली माणसं मोगरी लावायला असतात. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांच्यासाठी, मोगरी म्हणजे लाकडाचा ठोकळा, रथ थांबवायचा किंवा वळवायचा असला की चालत्या चाकाखाली नेमक्या क्षणाला सारायचा आणि हात मागे घ्यायचा. रथ उंच, गल्ली अरुंद, वर वायरी, दोन्ही बाजूंना माणूस माणसाला चिकटलेला. हे काम कोणाचं, ते काम कोणाचं हे पिढ्यानपिढ्या ठरलेलं असतं आणि ज्याचं त्याला त्याचा मान. त्यामुळे पाववाल्याकडे भोजनाचं नाटक, सोनाराकडे सोन्याचं, हे मला वाचल्या वाचल्या समजलं. सर, त्या गाड्या किती मोठ्या होत्या, ओढायचं कोण, काही माहिती आहे का?

बोरीकाठ:
दादा, तुमच्याच प्रश्नाचं उत्तर देणारा एक कागद आहे. यॉर्कच्या मर्सर लोकांनी, म्हणजे कापडाचे मोठे व्यापारी, १४३३ मधे आपल्या गाडीच्या सामानाची यादी केली. त्यांच्याकडे सगळ्यात शेवटचं नाटक, जगाच्या अंताचं आणि न्यायाचं. यादीत चार चाकांची गाडी, नरकाचा जबडा, तीन सैतानांचे कपडे, देवासाठी सोनेरी मुखवटा, देव वर स्वर्गात जातो तेव्हा बसायला लोखंडी बैठक आणि तिला चार दोर. आणि मला सगळ्यात आवडतं ते म्हणजे लाल रंगवलेले नऊ छोटे देवदूत आणि त्यांना स्वर्गात पळवायला एक लांब बारीक दोरी. कोणीतरी गाडीच्या मागे लपून ती दोरी ओढत असणार, त्याचं नाव कुठेच नाही. गाड्या माणसंच ओढायची, बैल-घोडे नाहीत. १३७६ मधे यॉर्कला गाड्या ठेवायच्या जागेचं भाडं लिहिलेलं सापडतं, तोच तिथला सगळ्यात जुना पुरावा. म्हणजे नाटकाची नोंद आधी मिळते ती गाडीखान्याच्या भाड्यात.

हिशेबाच्या वह्या तर वाचतच राहाव्यात अशा. कॉव्हेंट्री या दुसऱ्या शहराच्या लोहारांनी एका माणसाला जुडासला, म्हणजे येशूला दगा देणाऱ्या शिष्याला, फाशी देण्याचे ४ पेन्स दिलेत आणि त्याच माणसाला कोंबड्यासारखं आरवल्याचे आणखी ४. आणि काम हलकं घ्यायची सोय नव्हती, १४७६ मधे यॉर्कच्या नगरपालिकेने ठराव केला की चार जाणकार नटांनी सगळ्यांची परीक्षा घ्यायची, ज्याचा आवाज, अंग किंवा अक्कल कमी पडेल त्याला काढून टाकायचं, आणि एका माणसाने दिवसात दोनदापेक्षा जास्त सोंग घ्यायचं नाही, नाहीतर ४० शिलिंग दंड.

पांझराकाठचा:
मी साक्री तालुक्यातला, ठेलारी घरचा. आजोबा-बाबा मेंढ्यांमागे फिरले, मी शिकून नोकरीला लागलो. ताईंचा प्रश्न वाचून ते नाटक काल रात्री मोबाईलवर शोधून वाचलं, इंग्रजी जड गेलं पण वाचलं आणि नंतर झोप आली नाही म्हणून हे लिहितोय.

पहिला मेंढपाळ येतो तोच थंडीला आणि मोठ्या लोकांना शिव्या देत येतो. हात फुटलेत, अंग बधिर झालंय, कर भरून कंबर मोडली, आणि कोणी बड्या घरचा नोकर मोरासारखा ताठून येणार आणि माझा नांगर, माझी गाडी घेऊन जाणार, नाही म्हणायची सोय नाही. हे बेथलेहेमचं नाहीच, हा तिथलाच माणूस बोलतोय. मेंढी हरवली तेव्हा तो वेकफिल्डजवळच्या हॉरबरीच्या झाडोऱ्यात कुत्रे घेऊन शोधून आल्याचं सांगतो. आमची म्हातारी जात्यावर सीतेचं गाणं म्हणायची त्यात सीता अशीच आमच्याच शिवारात निंदायला जायची.

आता पाळण्यात मेंढी, यावर लोक हसले असतील, मला हसू नाही आलं. आमचा वाडा, म्हणजे मेंढ्या आणि माणसांचा तळ, एका गावाहून दुसऱ्या गावाला निघाला की घोड्यावर बिऱ्हाड. नुकतं जन्मलेलं कोकरू चालू शकत नाही म्हणून ते जाळीत घालून घोड्याला टांगायचं आणि दुसऱ्या बाजूला रांगतं पोर. मी स्वतः तसा गेलोय, माझ्या शेजारी कोकरू होतं असं आई सांगायची. पोर आणि कोकरू एका झोळीतलं हे मेंढपाळाला वेगळं सांगावं लागत नाही. आणि नाटकात शेवटी गोठ्यात निजलेला तो देवाचा कोकरूच ना? ख्रिस्ती लोक येशूला तसंच म्हणतात. म्हणजे आधी खोट्या बाळाच्या जागी खरं कोकरू दाखवलं आणि मग खऱ्या बाळाच्या रूपात कोकरू.

अजून एक, आणि मला वाटतं तुमच्या प्रश्नाचं उत्तर इथेच आहे. मेंढपाळ घराची झडती घेतात, काही सापडत नाही, माफी मागून बाहेर पडतात. चोरी मग कशाने उघडी पडते? रस्त्यात एकाला आठवतं, अरे आपण लेकराच्या हातावर काहीच ठेवलं नाही. तिसरा मेंढपाळ, पोरगाच तो, परत पळत जातो, ६ पेन्स द्यायला, पापा घ्यायला कापड उचलतो आणि लांब नाक दिसतं. संशयाने शोधलं तेव्हा सापडली नाही, माया करायला परत गेले तेव्हा सापडली. मेंढी चोरली तर तेव्हा फाशी व्हायची. ते मॅकला फाशी देत नाहीत, चादरीत घालून वर उडवतात आणि सोडून देतात. मग दमून शेतात आडवे होतात, आणि तेव्हाच देवदूत गातो. आधी नाही.

सातपुडा२२:
हे मी पाहिलंच नव्हतं. माझं मघाचं म्हणणं मागे घेतो भाऊ.

बोरीकाठ:
पांझराकाठ, इतक्या वर्षांत मी त्या ६ पेन्सकडे फक्त गंमत म्हणूनच बघत आलो. आज शिकलो. ताई, सेमिनारमधे हे याच शब्दांत सांगा.

ही नाटकं बंद कशी पडली हेही दोन वाक्यांत घाला, कारण लोक कंटाळले म्हणून ती बंद पडली असं बऱ्याच जणांना वाटतं, ते खरं नाही. धर्मसुधारणेनंतर, म्हणजे सोळाव्या शतकात इंग्लंडचं चर्च पोपपासून वेगळं झालं त्यानंतर, वरून दाब आला. यॉर्कचा शेवटचा प्रयोग १५६९ चा. चेस्टरने १५७५ मधे तरीही केला तर मेयरला वर जाब द्यावा लागला. वेकफिल्डला १५७६ मधे लेखी हुकूम आला की पिता, पुत्र किंवा पवित्र आत्मा यांचं सोंग कोणी घ्यायचं नाही. लोकांनी २०० वर्षं खिशातून पैसे घालून जपलेलं होतं ते. यॉर्कला पुन्हा झालं ते थेट १९५१ मधे, सेंट मेरीज ॲबीच्या पडक्या भिंतींसमोर.

गिरणाकाठची:
काय बोलू, एसटीत वाचत होते आणि माझा स्टॉप निघून गेला. सगळ्यांचे खूप खूप आभार. दादा, ते घोड्यावरच्या झोळीचं तुमच्या परवानगीने सांगणार आहे. दिवाळीनंतर आमच्या शेतात मेंढ्या बसायला येतात, पहाटे वाड्यातल्या बाया कोकरं एकेक करून आईला लावतात ते मी लहानपणापासून बघतेय आणि एकदाही या नाटकाशी जोडलं नाही.

आता ठरवलंय की शेवटचा प्रवेश अहिराणीत वाचून दाखवायचा, मेंढपाळ बाळाला काय काय देतात तो. एकजण चेरीचा घोस देतो, एकजण पाखरू, आणि तिसरा चेंडू देतो, बाळा हात पुढे कर, यानं खेळ म्हणतो. हिवाळ्यात चेरी कुठून आल्या ते कोणी विचारत नाही. चेरीच्या जागी बोरं केली तर चालेल का, की चेरीच ठेवू? आमच्याकडे झोळीला झोयी म्हणतात, साक्रीकडे कोकराला काय म्हणता ते दादा सांगा, मंगळवारच्या आत.