हेन्री शेफलिनच्या दहा पदकांचे मोल नेमके कसे करावे?

कळवेकर (प्रश्न)

नमस्कार मंडळी. आमच्या कळव्यातील कबड्डी मंडळाच्या फलकावर परदेशातील एखाद्या खेळाडूच्या कारकिर्दीविषयी अधूनमधून लिहिण्याचे काम माझ्याकडे आहे. या वेळी आयर्लंडच्या हर्लिंग या खेळातील हेन्री शेफलिन हा खेळाडू निवडला आहे. ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा खेळाडू असतात, प्रत्येकाच्या हातात अ‍ॅश वृक्षाच्या लाकडाची चपट्या टोकाची काठी असते आणि चामड्याचा लहान चेंडू हवेत किंवा जमिनीवर टोलवला जातो. चेंडू गोलच्या आडव्या दांडीखालून गेला तर गोल होऊन तीन गुण मिळतात आणि वरून गेला तर एक गुण मिळतो. म्हणूनच तिथे धावफलकावर गोल आणि गुण वेगवेगळे लिहितात, म्हणजे २-१३ याचा अर्थ दोन गोल आणि तेरा गुण.

शेफलिनचा जन्म १९७९ चा, किलकेनी परगण्यातील बॅलीहेल या छोट्या गावातला. परगण्याच्या वरिष्ठ संघात तो १९९९ मध्ये आला, त्याच वर्षी अंतिम सामन्यात कॉर्ककडून एका गुणाने हरला, आणि पुढे २०००, २००२, २००३, २००६ ते २००९ सलग चार वेळा, २०११, २०१२ आणि २०१४ असा दहा वेळा अखिल आयर्लंड विजेता ठरला. वर्षातील सर्वोत्तम हर्लिंगपटूचा मान त्याला तीनदा मिळाला. एवढी माहिती माझ्याकडे आहे.

अडचण निराळी आहे. मसुदा वाचून मंडळातील मुलांनी दोन शंका काढल्या आणि त्या मला रास्त वाटतात. पहिली अशी की पदक संघाला मिळते, मग बलाढ्य संघात असल्यामुळे दहा पदके मिळालेल्या माणसाला थोर का म्हणावे? दुसरी अशी की मैदानात ऐंशी हजार प्रेक्षक येत असताना खेळाडूंना मानधन मिळत नाही, हे त्यांना खरेच वाटत नाही. जाणकारांनी कृपया लिहावे.

ऐरोली ते डब्लिन

कळवेकर, दुसऱ्या शंकेचे उत्तर आधी देतो, कारण त्याशिवाय पहिलीचे उत्तर देता येणार नाही. कंपनीच्या कामानिमित्त मी काही वर्षे डब्लिनला होतो आणि तिथल्या क्रोक पार्क या मोठ्या मैदानात बसून हा खेळ पाहिला आहे. मानधन खरोखरच मिळत नाही. १८८४ मध्ये थर्ल्स येथे स्थापन झालेली गेलिक अ‍ॅथलेटिक असोसिएशन ही संस्था आजही हौशी तत्त्वावर चालते. प्रवासखर्च मिळतो, अलीकडे सरकारकडून थोडे अनुदानही मिळते, पण पगार, करार किंवा लिलाव असा प्रकार नाही. शेफलिन बँक ऑफ आयर्लंडमध्ये नोकरी करीत होता. ही नोकरी आपल्याकडच्या क्रीडा कोट्यातल्यासारखी नव्हे, हे मुलांना आवर्जून सांगा. आपल्याकडे बँका, रेल्वे आणि पोलीस यांचे स्वतःचे संघ असतात आणि नोकरी लागली की खेळाडू त्या संघाचा होतो. तिथे बँकेचा संघ नसतो. दिवसभर नोकरी करायची, संध्याकाळी सरावाला जायचे, आणि खेळायचे ते आपल्या गावच्या क्लबकडून व आपल्या परगण्याकडून.

या रचनेत एक गोष्ट महत्त्वाची आहे, ती म्हणजे खेळाडूला संघ निवडता येत नाही म्हटले तरी चालेल. शेफलिन बॅलीहेलचा, म्हणून त्याचा क्लब बॅलीहेल शॅमरॉक्स, आणि तो क्लब किलकेनीत, म्हणून परगणा किलकेनी. कोणी पैसे मोजून त्याला विजेत्या संघात आणलेले नाही. किलकेनीत जन्मणे हे त्याचे भाग्य होते हे मान्य, परंतु त्या परगण्यात मुले चालायला लागली की हातात काठी घेतात, आणि तिथे संघात जागा मिळवणे हेच मुळात सर्वांत अवघड काम असते. शाळेच्या वयात हा पुढे सर्वांना मागे टाकील असे कोणी छातीठोकपणे म्हणावे, इतका तो वेगवानही नव्हता. वॉटरफर्डच्या महाविद्यालयात गेल्यावर त्याने आंतरमहाविद्यालयीन फिट्झगिबन चषक १९९९ आणि २००० असा दोनदा जिंकला आणि त्याच सुमारास ब्रायन कोडी या प्रशिक्षकाने त्याला वरिष्ठ संघात घेतले. कोडी स्वतः पेशाने शाळाशिक्षक. म्हणजे संघ चालवणाराही दिवसा वर्गावर असे.

जुना लेफ्ट-इन

मी बँकेच्या संघातून बरीच वर्षे हॉकी खेळलो आहे आणि आता ठाण्यात नौपाड्यात निवृत्तीचे दिवस घालवतो आहे. ऐरोलीकरांनी रचना उत्तम समजावून सांगितली, परंतु मुलांच्या पहिल्या शंकेला त्यांनी बगल दिली, असे मला वाटते.

शेफलिनच्या आधी मैदानात उतरून सर्वाधिक म्हणजे आठ पदके मिळवण्याचा विक्रम कॉर्कचा क्रिस्टी रिंग आणि टिपेररीचा जॉन डॉइल या दोघांच्या नावावर होता. रिंगने १९४१ ते १९४४ सलग चार, मग १९४६, आणि १९५२ ते १९५४ अशी पदके घेतली. त्या काळी प्रांतिक स्पर्धेत एक सामना हरला की वर्ष संपले. मन्स्टर प्रांतात तर कॉर्क, टिपेररी, लिमेरिक असे तगडे परगणे एकमेकांना पहिल्याच फेरीत बाद करीत. १९९७ पासून प्रांतात हरलेल्यालाही दुसरी संधी मिळू लागली. शिवाय शेफलिनच्या काळात किलकेनीच्या लेन्स्टर प्रांतात बहुतेक वर्षे तोडीस तोड प्रतिस्पर्धी नव्हता. अशा परिस्थितीत आठ आणि दहा हे आकडे शेजारी मांडून दहाला मोठे म्हणणे मला पटत नाही. गुणांच्या विक्रमाचेही तसेच आहे, कारण त्यातला मोठा भाग फ्री हिटवर, म्हणजे थांबलेल्या चेंडूवर, मिळवलेला आहे.

ऐरोली ते डब्लिन

काका, आपला आक्षेप मोलाचा आहे, पण तो वर्षागणिक तपासून पाहिला तर बराच सैल पडतो. शेफलिनच्या दहा विजेतेपदांपैकी दुसऱ्या संधीचा फायदा किलकेनीला फक्त २०१२ मध्ये झाला, कारण त्या वर्षी लेन्स्टरच्या अंतिम सामन्यात गॉलवेने त्यांना सपाटून हरवले होते. उरलेल्या नऊही वर्षी किलकेनी लेन्स्टरचे विजेते होते. म्हणजे रिंगच्या काळचा नियम लावला तरी नऊ पदके शिल्लक राहतातच. लेन्स्टर सोपे होते, या मुद्द्यावर मात्र मी आपल्याशी सहमत आहे.

फ्री हिटविषयी थोडे सविस्तर लिहितो. परगण्याच्या स्पर्धेतील ७१ सामन्यांत त्याने २७ गोल आणि ४८४ गुण मिळवले, म्हणजे एकूण ५६५. सामन्यामागे जवळजवळ आठ. सोळा हंगामांत ७१ सामने, म्हणजे वर्षाकाठी सरासरी चार-पाचच. आपल्याकडच्या लीगमध्ये खेळाडूला एका मोसमात वीस-बावीस सामने मिळतात, त्यामुळे आज चुकले तर परवा भरून काढता येते. तिथे तसे नव्हते. त्या काळी मेमध्ये सुरुवात करायची आणि सप्टेंबरमध्ये अंतिम सामना, मधल्या काळात एखादी दुपार वाईट गेली की वर्षभराचा सराव वाया. अशा वेळी साठ-सत्तर मीटरवरून, वाऱ्याचा अंदाज घेत, थांबलेला चेंडू काठीने उचलून हवेतच टोलवायचा आणि तो दोन खांबांमधून काढायचा, हे काम संघ ज्याच्यावर सोपवतो तो फक्त नेमबाज असून भागत नाही.

२०१२ चा गॉलवेविरुद्धचा अंतिम सामना पाहा. शेवटची काही मिनिटे राहिली असताना बरोबरी होती आणि किलकेनीला पेनल्टी मिळाली. गोल केला असता तर सामना जवळपास संपला असता. शेफलिनने चेंडू दांडीवरून मारून एकच गुण घेतला. त्या काळी पेनल्टीला गोलरेषेवर तीन बचावपटू उभे राहत (एकास एक असा नियम २०१५ पासून आला), त्यामुळे गोलची खात्री कधीच नसे. पुढे जादा वेळेत गॉलवेच्या जो कॅनिंगने फ्री हिटवर बरोबरी साधली आणि ०-१९ विरुद्ध २-१३ असा सामना अनिर्णित राहिला, जे १९५९ नंतर अंतिम सामन्यात प्रथमच घडले. शेफलिनच्या त्या एका गुणावर पुष्कळ टीका झाली. माझे मत असे की तो निर्णय बरोबर होता, कारण हातात येणारी आघाडी सोडून जुगार खेळण्यासारखी स्थिती नव्हती. फेरसामना किलकेनीने ३-२२ विरुद्ध ३-११ असा जिंकला आणि त्या वर्षीचा सर्वोत्तम खेळाडू शेफलिनच ठरला. तेव्हा तो तेहतीस वर्षांचा होता.

वाशीची फिजिओ

चर्चा पदकांवर चालली आहे, पण माझ्या दृष्टीने या कारकिर्दीतील सर्वांत विचार करण्याजोगा भाग त्याच्या गुडघ्यांचा आहे आणि फलक कबड्डीच्या मुलांसाठी असेल तर तो वगळू नये, अशी विनंती आहे.

२००७ मध्ये शेफलिन कर्णधार होता. लिमेरिकविरुद्धच्या अंतिम सामन्यात त्याने सुरुवातीलाच गोल केला, मग गुडघ्याचे क्रुशिएट लिगामेंट दुखावले आणि मध्यंतरानंतर तो मैदानात येऊ शकला नाही. चषक मात्र त्यानेच उचलला. हीच दुखापत पुन्हा २०१० मध्ये, ऑगस्टमधील कॉर्कविरुद्धच्या उपांत्य सामन्यात झाली. तेव्हा किलकेनीपुढे सलग पाचव्या विजेतेपदाची संधी होती आणि अंतिम सामन्याला जेमतेम चार आठवडे उरले होते. शस्त्रक्रिया पुढे ढकलून मांडीचे स्नायू बळकट करण्याचा मार्ग त्याने निवडला. त्याचा सराव पाहायला नोलन पार्क या किलकेनीच्या मैदानावर हजारो लोक जमले. अंतिम सामन्यात तो उतरला, आणि पहिल्या पंधरा मिनिटांच्या आतच त्याला बाहेर यावे लागले. टिपेररीने तो सामना ४-१७ विरुद्ध १-१८ असा जिंकला, त्यात लार कॉर्बेटचे तीन गोल होते.

या घटनेला लोक जिद्दीचे उदाहरण म्हणून सांगतात. मला ते तसे सांगितलेले आवडत नाही. लिगामेंट तुटलेला गुडघा सरळ रेषेत धावताना पुष्कळदा साथ देतो, त्यामुळे सरावात सगळे ठीक वाटते. परंतु पाय रोवून शरीर वळवले की मांडीचे आणि नडगीचे हाड एकमेकांवर सरकते आणि त्या झटक्यात गादी, म्हणजे मेनिस्कस, फाटण्याचा धोका असतो. हर्लिंगमध्ये, आणि कबड्डीत तर अधिकच, सगळा खेळ पाय रोवून वळण्याचा आहे. माझ्याकडे येणारी कबड्डीची मुले नेमका हाच प्रश्न विचारतात की पट्टा बांधून एक सामना खेळू का, आणि त्यांच्यामागे उभे असलेले मंडळाचे पदाधिकारीही तोच विचारतात. शेफलिन एकतीस वर्षांचा होता, त्याच्याभोवती तज्ज्ञ होते, परिणाम ठाऊक असून त्याने स्वतः निर्णय घेतला, त्यामुळे त्याला दोष देण्याचा माझा हेतू नाही. पण अनुकरण करायचे असेल तर त्यापुढच्या महिन्यांचे करावे. शस्त्रक्रिया करून, नेमून दिलेले पुनर्वसन पूर्ण करून तो परतला, आणि २०११ च्या सप्टेंबरमध्ये त्याच टिपेररीला किलकेनीने २-१७ विरुद्ध १-१६ असे हरवले. एकाच कारकिर्दीत दोनदा अशा दुखापतीतून उठून पुढे तीन विजेतेपदे मिळवणारा खेळाडू मला पदकांच्या आकड्यापेक्षा जास्त थोर वाटतो.

जुना लेफ्ट-इन

नऊ पदकांचा हिशेब पटला, तेवढा आक्षेप मी मागे घेतो. रिंग श्रेष्ठ की शेफलिन, या वादात मात्र माझे मत रिंगच्याच बाजूने राहील. आणि ताईंचे म्हणणे शब्दशः फलकावर लावावे. आमच्या वेळी असे सांगणारे कोणी नव्हते.

कळवेकर

सर्वांचे मनःपूर्वक आभार. गुडघ्याचा भाग सविस्तर घेतो. एक शंका राहिली आहे. २०१४ मध्ये शेफलिन राखीव खेळाडू होता असे वाचले. मग ते दहावे पदक धरावे का? आणि त्यानंतर त्याने काय केले?

ऐरोली ते डब्लिन

धरावे. टिपेररीविरुद्धचा २०१४ चा अंतिम सामना ३-२२ विरुद्ध १-२८ असा बरोबरीत सुटला, तीन आठवड्यांनी फेरसामना किलकेनीने २-१७ विरुद्ध २-१४ असा जिंकला आणि त्यात तो अखेरच्या टप्प्यात बदली म्हणून प्रत्यक्ष खेळला. किलकेनीचाच गोलरक्षक नोएल स्केहन याच्याकडे नऊ पदके होती, पण त्यातली तीन तो बाकावर असतानाची. म्हणूनच तिथले लोक ‘मैदानात उतरून मिळवलेली’ असा शब्दप्रयोग काटेकोरपणे करतात. पस्तिसाव्या वर्षी, इतकी वर्षे संघाचा आधार राहिल्यावर, बाकावर बसून आपली पाळी येण्याची वाट पाहणे त्याने स्वीकारले, हे मला व्यक्तिशः त्या पदकाचे महत्त्व वाढवणारे वाटते. कोडीने नाव पाहून कोणाला जागा दिली नाही, शेफलिनलाही नाही.

मार्च २०१५ मध्ये त्याने गावच्या क्लबसाठी अखिल आयर्लंड क्लब विजेतेपद तिसऱ्यांदा जिंकले आणि काही दिवसांतच परगण्याच्या संघातून निवृत्ती जाहीर केली. मग बॅलीहेलचा प्रशिक्षक म्हणून २०१९ आणि २०२० अशी लागोपाठ दोन क्लब विजेतेपदे मिळवली. २०२१ च्या अखेरीस त्याने गॉलवेची धुरा घेतली. साहजिकच २०२२ मध्ये त्याच्यासमोर कोडीचाच किलकेनी संघ उभा ठाकला, लेन्स्टरचा अंतिम सामना कोडीने जिंकला, आणि त्या मोसमात सामना संपल्यावर दोघांनी केलेले कोरडे हस्तांदोलन खेळापेक्षाही जास्त चर्चेत राहिले. २०२४ च्या मोसमानंतर त्याने गॉलवे सोडले. परगण्यांचा अखिल आयर्लंड चषक मात्र प्रशिक्षक म्हणून त्याला मिळाला नाही.

एक दुरुस्ती वेळीच सुचवतो. जुन्या लेखांवरून लिहीत असाल तर ‘सर्वाधिक गुणांचा विक्रम आजही त्याच्या नावावर’ असे वाक्य येण्याची शक्यता आहे, ते काढून टाका. किलकेनीच्याच एडी किहरचा विक्रम शेफलिनने २०१० मध्ये मोडला होता. २०२१ मध्ये जो कॅनिंगने शेफलिनला मागे टाकले, आणि त्यानंतर कॉर्कचा पॅट्रिक होर्गन व किलकेनीचा टी. जे. रीड हेही पुढे गेले. यातला रीड बॅलीहेल शॅमरॉक्सचाच आहे आणि शेफलिन प्रशिक्षक असतानाच्या त्या दोन्ही क्लब विजेतेपदांत तो खेळलेला आहे.