बेनेडिक्ट अर्नॉल्डचा बूट: दगडावर नाव कोरावं की नाही?

वऱ्हाडी_मास्तर:
दारव्हा तालुक्यातल्या आमच्या गावात ग्रामपंचायतीसमोर जवानांच्या नावांचा दगड आहे. दर १४ ऑगस्टला संध्याकाळी त्यावरची अक्षरं मी बारीक ब्रशनं पुन्हा रंगवतो. यंदाचा रंग आणायचं बोलणं चालू होतं, तेवढ्यात एमपीएससीची तयारी करणाऱ्या एका पोरानं पारावर फोटो दाखवला. अमेरिकेतल्या साराटोगाच्या रणभूमीवरचं १८८७ चं स्मारक. दगडात कोरलेला नुसता एक बूट. मागं सैन्यातला सर्वात तेजस्वी सैनिक म्हणून गौरव, पण नाव नाही!

तो बेनेडिक्ट अर्नॉल्ड, इंग्रजांविरुद्धच्या स्वातंत्र्ययुद्धातला अमेरिकेचा सेनापती. ७ ऑक्टोबर १७७७ ला तिथं त्याचा डावा पाय मोडला, आधी कॅनडातल्या क्विबेकच्या लढाईत जखमी झालेला तोच. दहा दिवसांनी इंग्रज सेनापती बर्गोइन शरण आला, आणि त्या विजयामुळं फ्रान्स अमेरिकेच्या बाजूनं उतरला. १७८० मध्ये याच माणसानं वेस्ट पॉइंटचा किल्ला इंग्रजांना विकायला काढला.

माझं मत, नाव कोरा. खाली गद्दारीही कोरा, मोठ्या अक्षरात. पण लढला तो तोच होता. शिवाय त्याच्यावर अन्याय झाला होता. फेब्रुवारी १७७७ मध्ये त्याच्याहून कनिष्ठ पाच जणांना मेजर जनरल केलं, याला डावललं.

माजी_हवालदार_कामठी:
मास्तर, बढती हुकणं काय असतं ते मला विचारा. राजीनामा देता येतो. यानं मे १७७९ पासून शत्रूशी चोरून पत्रव्यवहार केला, वीस हजार पौंड मागितले, आणि वेस्ट पॉइंटची नेमणूक अमेरिकेचे सरसेनापती वॉशिंग्टन यांच्याकडून स्वतः मागून घेतली. तुम्हाला किल्ला दिसतो, मला तिथल्या पहाऱ्यावरचा पोरगा दिसतो. मी पहारे केलेत. मागं आपला साहेब आहे, एवढ्या भरवशावर माणूस रात्रभर अंधारात पुढं बघत उभा राहतो. त्या पोराचा साहेबच तटबंदीचे कागद शत्रूला देत होता.

पऱ्हाटीवाला:
अन्यायाचं म्हनाल तं औंदा मले बी व्यापाऱ्यानं कापसाच्या काट्यात मारलं. म्हनून का मी गावाची हीर विकू? अन् ते कागद इंग्रजाच्या मेजर आंद्रेच्या पायमोज्यात सापडले. आंद्रे फासावर गेला, अर्नॉल्ड पयाला.

शाळेतली_ताई:
मी मास्तरांच्या बाजूची. गद्दार म्हटला की पोरांना भित्रा माणूस वाटतो. हा तर सगळ्यांच्या पुढं घोडा घालणारा. असा माणूसही फिरू शकतो, हे नावाशिवाय कसं कळणार?

माजी_हवालदार_कामठी:
ताई, वर्गात शिकवा, जरूर शिकवा. दगडावर नको. सप्टेंबर १७८१ मध्ये इंग्रजांची फौज घेऊन त्यानं अमेरिकेतलंच न्यू लंडन गाव जाळलं, जन्मगाव नॉर्विचच्या जवळचंच. ज्यांची घरं जळली त्यांनी त्या दगडाला हात जोडायचे का?

वऱ्हाडी_मास्तर:
काका, पहाऱ्याचं वाचून मी बराच वेळ नुसता बसून होतो. तरी मत बदललं नाही. आमच्या गावात पुस्तक उघडणारे थोडे, पण दगडासमोरून रोज सगळेच जातात. १४ तारखेला या. तुमच्या पलटणीतल्या दोघांची नावं तिसऱ्या ओळीत आहेत. ती यंदा तुम्ही रंगवा, मी डबा धरतो.