अर्धायुष्य : नेमकं कशाचं अर्धं?

विचारणा
थायरॉइडच्या रुग्णांना आयोडीन-१३१ हे किरणोत्सारी औषध दिल्यावर घरी काय काळजी घ्यायची, याचं माहितीपत्रक मराठीत करते आहे. 'अर्धायुष्य ८ दिवस' असं लिहिलं आणि सासूबाईंना वाचायला दिलं. त्या म्हणाल्या, "म्हणजे सोळाव्या दिवशी सगळं संपलं." अर्धायुष्य, अर्धायुकाल, अर्ध-आयु यांतला कोणता शब्द घेतला तर असा समज होणार नाही?

प्रतिसाद
तिन्हींनी होईल. सासूबाईंचं काहीच चुकलेलं नाही, समासच तसा आहे. अर्धायुष्य आपण 'अर्धे आयुष्य' असाच सोडवणार; पन्नाशीला 'अर्धं आयुष्य गेलं' म्हणतो, तसा. इथे निम्मे होतात ते अणू. ८ दिवसांत अर्धे मोडून त्यांचं झेनॉन होतं, आणि उरलेल्यांतले अर्धे मोडायला पुन्हा तेवढेच ८ दिवस.

मी अणुवैद्यक विभागात काम करतो. वयस्क मंडळींना मी शेराची मापं सांगतो. आज शेरभर आहे असं धरा. आठव्या दिवशी अच्छेर, सोळाव्या दिवशी पावशेर, चोविसाव्या दिवशी नवटाक, बत्तिसाव्या दिवशी छटाक. प्रत्येक माप आधीच्याच्या बरोबर निम्मं. एक आजोबा बोटांवर मोजत इथवर आले आणि थांबून म्हणाले, "आणि छटाकेच्या पुढं?" पुढंही निम्मं-निम्मंच. ८० दिवसांनी मूळच्या हजारात जेमतेम एक भाग उरतो. अमुक तारखेला शून्य, असं सांगताच येत नाही.

पत्रकात एक गोष्ट जरूर घाला : आयोडीन लघवीवाटेही बाहेर पडतं, त्यामुळे शरीरातला साठा ८ दिवसांच्या आतच निम्म्यावर येतो. पाणी भरपूर प्या म्हणतात ते यासाठी.

प्रतिसाद
पण रूढ शब्द का मोडायचा? कार्बन-१४चं अर्धायुष्य ५,७३० वर्षं, असंच सगळे शिकले. व्याख्या नीट दिली की झालं.

प्रतिसाद
पाठ्यपुस्तकात व्याख्या शेजारीच असते, तिथे राहू द्या. घरी नेलेल्या कागदावर शब्दालाच स्वतःचा अर्थ सांगावा लागतो. आणि मला 'आयुष्य'च खुपतं. भौतिकीत 'सरासरी आयुष्य', म्हणजे एक अणू मोडण्याआधी सरासरी किती टिकतो, ही वेगळी राशी आहे. आयोडीन-१३१साठी ती सुमारे ११.६ दिवस. तिचं अर्धं ५.८, अर्धायुष्य मात्र ८! शिवाय आयुष्य म्हटलं की वय आलं, म्हातारपण आलं. अणू म्हातारा होत नाही. ८० दिवस टिकलेला अणू आणि आज तयार झालेला अणू, दोघांचीही पुढच्या २४ तासांत मोडण्याची शक्यता साधारण बारात एक, सारखीच.

मी तोंडी 'निम्मं होण्याचा काळ' म्हणतो. लांब आहे, पण तो ऐकून आजवर कुणी मला दुप्पट करून दाखवला नाही.

विचारणाऱ्या
'निम्मं होण्याचा काळ (अर्धायुष्य) : ८ दिवस' असं केलं, खाली शेर ते छटाक तक्ता दिला. सासूबाईंनी तक्त्यावर बोट ठेवून चोविसावा दिवस बरोबर सांगितला. आता अडलंय 'किरणोत्सारी क्षय'पाशी. आधीच घाबरलेल्या माणसाला त्यात टीबी दिसेल. 'ऱ्हास' चालेल?

प्रतिसाद
चालेल. पण रुग्णासाठी 'अणू मोडत जातात' एवढंच पुरे.