'वाहक' म्हणजे नक्की कोण? (सिकलसेलच्या पत्रकातली अडचण)

पळसपान
मंडळी, मदत हवी आहे आणि जरा घाईत हवी आहे. भंडारा-गडचिरोलीकडच्या गावांत वाटायच्या एका पत्रकाचं मराठी करते आहे. विषय सिकलसेल, म्हणजे तो अनुवांशिक रक्तदोष. जनुक एकाच पालकाकडून आलेल्या माणसासाठी मी 'तुम्ही सिकलसेलचे वाहक आहात, रुग्ण नाही' असं लिहिलं. सरकारी कागदांवर हाच शब्द, पाठ्यपुस्तकातही हाच.

परवा कच्चा मजकूर एका गावात वाचून दाखवला. पंचविशीतली एक बाई, कडेवर पोर. सगळं शांतपणे ऐकलं आणि मग खालच्या आवाजात विचारलं, "मंग माह्यापासून पोराले लागन का जी? पानी येगळं भरू का?" तिचा रिपोर्ट एएस, म्हणजे एक जनुक साधं आणि एक सिकलचं. तिला दुखणं नाही, ती शेतात जाते, धान रोवते. पण 'वाहक' ऐकल्याबरोबर रोग वाहून नेणारं कुणीतरी तिच्या डोळ्यांसमोर उभं राहिलं, आणि ते कुणीतरी म्हणजे ती स्वतःच.

दुसरा शब्द आहे का? 'अप्रभावी' (एकटं असलं तर आजार न दाखवणारं) जनुकाचंही तसंच झालं. एका आजोबांना वाटलं, अप्रभावी म्हणजे काम न करणारं, मग भ्यायचं कशाला? पण ते पुढच्या धाग्यात. आधी 'वाहक'.

शब्दवेल्हाळ
शब्द सुचवतोच, पण आधी एक. 'अनुवांशिक' नव्हे, 'आनुवंशिक'. अनुवंश + इक, आदिस्वराला वृद्धी. सप्ताहाचं साप्ताहिक होतं, 'सप्ताहीक' नाही. पत्रक छापलं जाण्याआधी एवढं तरी करा.

लाल डबा
झालं! बाई पाणी वेगळं भरायला निघाली आणि आपण 'अ'ला काना देतोय.

असो. माझे वडील एसटीत वाहक होते. छातीवर बिल्ला, खांद्याला चामड्याची पिशवी, तिकिटांचा पत्र्याचा ट्रे. घरात काय, स्टँडवर काय, सगळे त्यांना कंडक्टरच म्हणायचे. 'वाहक' हा शब्द फक्त त्यांच्या सीटच्या वर रंगवलेला. लहानपणी मला कोडं पडायचं: गाडी वाहून नेतो तो चालक, मग वाहक काय वाहतो? वडील म्हणायचे, "सुट्या पैशांची कटकट."

निवृत्त मास्तर
लाल डबा, चांगला प्रश्न आहे. माझा आपला तर्क असा की विजेच्या तारेला आपण वाहक म्हणत होतो, सुवाहक-दुर्वाहक शाळेत शिकवत होतो. इंग्रजीत तारेलाही कंडक्टर आणि बसमधल्या माणसालाही कंडक्टर, म्हणून तारेचा शब्द माणसाच्या छातीवर लागला. पुरावा मागू नका, तर्क म्हणूनच सांगतोय.

पळसपान ताई, तुमचा शब्द बरोबर आहे. मी तीस वर्षं जीवशास्त्र शिकवलं. स्वतःमध्ये लक्षण न दाखवता जनुक पुढच्या पिढीत नेतो तो वाहक. यात चूक काय? शब्द बदलायचा नसतो, समजावून सांगायचं असतं.

तिखटमीठ
सर, चूक अशी की डासालाही आपण वाहकच म्हणतो. हिवतापाचा रोगवाहक कोण, तर ॲनाफिलिस डासाची मादी. मेरी मॅलन नावाची न्यूयॉर्कची ती स्वयंपाकीण, स्वतः ठणठणीत पण तिच्या हातचं खाऊन लोकांना टायफॉइड व्हायचा, १९०७मध्ये तिला पकडून वेगळं ठेवलं. तीही वाहक. त्या बाईने नेमका हाच अर्थ घेतला. भाषेच्या हिशेबाने ती चुकलेलीच नाही! आणि करोनानंतर तर हा शब्द आणखी बदनाम झाला.

निवृत्त मास्तर
तुम्ही डास काढलात म्हणून सांगतो. ॲलिसन या शास्त्रज्ञाने १९५४मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासावरून दाखवलं की ज्यांच्यात सिकलचं एकच जनुक आहे, त्यांना फाल्सिपेरम या जीवघेण्या प्रकारच्या हिवतापापासून बरंच संरक्षण मिळतं. म्हणून तर हे जनुक हिवतापाच्या पट्ट्यात टिकलं. आपल्याकडेही जंगलपट्टीत त्याचं प्रमाण जास्त आहे ते उगीच नाही. म्हणजे एक वाहक चावतो आणि दुसरा वाहक त्याला पुरून उरतो. आणि दोघांना आपण एकच नाव दिलंय.

तिखटमीठ
मग हे माझ्या बाजूचं झालं ना सर? :)

शब्दवेल्हाळ
'वह्' धातूचा संसार मोठा आहे. वाहन, प्रवाह, वाहिनी, आणि 'विवाह'सुद्धा. वि + वह्, वधूला वाहून नेणे. एएसची खरी अडचण येते ती लग्न जुळवतानाच. दोघेही एएस असले तर प्रत्येक गर्भारपणात चारात एक शक्यता एसएसची, म्हणजे दोन्ही जनुकं सिकलची असलेल्या रुग्ण बाळाची. म्हणजे विवाहात वाहक आणि वाहकात विवाह. पूर्वजांनी...

लाल डबा
पूर्वजांना मधे आणू नका हो. त्यांना हिमोग्लोबिन माहीत नव्हतं.

शब्दवेल्हाळ
पूर्वजांनी धातू दिला एवढंच म्हणणार होतो.

उल्हासनगरकर
आमच्या भागात थॅलेसेमिया जास्त, तोही आईबापाकडून येणारा रक्तदोषच, सिंधी समाजात तर घरोघरी माहिती असलेला विषय. इथे वाहक म्हटलेलं मी कधी ऐकलं नाही. एक जनुक असलेला 'मायनर' आणि दोन असलेला 'मेजर', संपलं. "मुलगा मायनर आहे, मुलीचं चेक करून घ्या" असं लग्नाच्या बैठकीत सरळ बोलतात. कुणी पाणी वेगळं भरत नाही. शब्द इंग्रजी आहे म्हणून बिघडलं काय?

निवृत्त मास्तर
मायनर म्हणजे किरकोळ असं समजून दोन मायनरनी लग्न केलं तर? शब्द जितका गोड तितका घातक.

उल्हासनगरकर
म्हणून तर चेक करतात, सर.

खडीसाखर
न्यू जर्सीहून लिहितेय. इथे २००६पासून सगळ्याच राज्यांत प्रत्येक नवजात बाळाची सिकलसेलसाठी तपासणी होते, टाचेतून रक्ताचा थेंब घेऊन. आमच्या ओळखीतल्या एका नागपूरकर जोडप्याला पत्र आलं, बाळाला 'सिकलसेल ट्रेट' आहे. आईने रात्री मला फोन केला, "ट्रेट म्हणजे काय गं, आजार का?" मी म्हटलं, नाही, गुणधर्म. मग ती रडायची थांबली. तिच्या सासूबाईंना मात्र मी घाईत 'लक्षण' सांगून बसले. त्या म्हणाल्या, "बाळाची लक्षणं ठीक दिसत नाहीत म्हणजे?" :(

तिखटमीठ
'लक्षण' तर मुळीच नको. आमच्या घरी फक्त 'कुलक्षण' या अर्थानेच वापरतात, तेही माझ्याबद्दल.

निवृत्त मास्तर
'धारक' चालेल का? जनुकधारक. धारण करतो तो, पसरवत नाही.

लाल डबा
शिधापत्रिकाधारक, खातेधारक, परवानाधारक. आता जनुकधारक. अर्ज कुठे करायचा आणि सोबत किती झेरॉक्स?

पळसपान
सर, 'धारक' मला खरं तर बरा वाटला. पण आमच्याकडे तपासणीनंतर कार्डं मिळतात, एएसला पिवळं, एसएसला लाल. 'सिकलसेलधारक' म्हटलं तर लाल कार्डवालाही धारकच की. त्याच्याकडे तर दोन जनुकं.

आणि बाईसाठी काय लिहायचं? 'ती वाहक' की 'ती वाहिका'?

लाल डबा
वाहिका म्हटलं की पुढे रुग्ण लागलाच. रुग्णवाहिका! पिवळं कार्ड, वर निळा दिवा.

खडीसाखर
😂 पण हिमोफिलियात, म्हणजे रक्त नीट न गोठण्याच्या आजारात, हा प्रश्न खरा आहे. तिथे जनुक एक्स गुणसूत्रावर, म्हणून वाहक बहुतेक बायकाच. राणी व्हिक्टोरियाचं उदाहरण सगळ्यांनी वाचलेलं असतं. तिच्यामार्फत राजघराण्यांत गेलं, रशियाच्या युवराज अलेक्सीपर्यंत. आणि मराठी लेखांत काय लिहितात, 'राणी वाहक होता' की 'होती'?

शब्दवेल्हाळ
'होती'च. वाहक हे पदनाम आहे, अध्यक्ष, सचिव यांच्यासारखं, लिंगाने बदलत नाही. एसटीतही 'महिला वाहक' म्हणतात.

आणि 'अनुवांशिक' अजून दुरुस्त झालेलं नाही, हे नम्रपणे.

तिखटमीठ
शब्दवेल्हाळ, वर्तमानपत्रं, दवाखान्याचे बोर्ड, डॉक्टर, सगळे 'अनुवांशिक' लिहितात. रूढ झालं तेच शुद्ध. आणि दोन्ही पदांना वृद्धी होतेच की कधी कधी. पारलौकिक, सार्वभौम.

शब्दवेल्हाळ
छान, म्हणजे उभयपदवृद्धी मान्य. मग रूप 'आनुवांशिक' झालं पाहिजे. पहिला काना तरीही हवाच! 'अनुवांशिक' कुठल्याही नियमात बसत नाही, ते फक्त चुकीत बसतं.

तिखटमीठ
हे मात्र मला माहीत नव्हतं. तरी मी 'अनुवांशिक'च लिहिणार.

सातपुडा
मी धडगावकडे आरोग्याचं काम करते. एवढं सगळं वाचलं. सांगू का, आम्ही शब्दच कमी वापरतो. दोन मुठी करतो. एका मुठीत आईचे दोन दाणे, दुसरीत बापाचे दोन. पांढरी चवळी म्हणजे चांगला दाणा, लाल चवळी म्हणजे सिकलचा. आई एएस असेल तर एक पांढरा, एक लाल. बापाचंही तसंच. मग तिथल्याच एखाद्या पोराला डोळे मिटून दोन्ही मुठींतून एकेक दाणा काढायला सांगतो. दोन लाल आले की सगळे गप्प होतात.

पहिल्यांदा आम्ही हरभरा आणि तूर घेतली होती. पोरं चाचपून मोठा दाणा ओढायची! म्हणून दोन्हीकडे चवळीच, आकार सारखा हवा. आणि दाणे दर वेळी परत मुठीत टाकायचे, नाहीतर लोकांना वाटतं की पहिलं लेकरू लाल-लाल निघालं म्हणजे पुढची तीन सुटली. तसं नसतं, प्रत्येक वेळी मूठ नवी.

आता तिथल्या बाया स्वतःच म्हणतात, "माझा एक दाणा लाल आहे." वाहक कुणी म्हणत नाही. लागण होईल का असंही कुणी विचारत नाही, कारण दाणा पाण्यातून जात नाही हे हातानं कळतं.

पळसपान
ताई, तुमच्या पाया पडते. हेच पाहिजे होतं. माझ्या त्या बाईचा प्रश्न आता वेगळाच दिसतो. पोराकडे तिचा लाल दाणा गेला असेलही, त्याचीही तपासणी हवी. तिचं 'पोराले लागन का' अर्धं बरोबरच होतं, फक्त पाण्याचा संबंध नव्हता.

निवृत्त मास्तर
दाण्यांवरून आठवलं. आनुवंशिकतेचे नियम शोधणाऱ्या मेंडेलचेही दाणेच होते, वाटाण्याचे. ५४७४ गोल आणि १८५० सुरकुतलेले, एकेक मोजलेले. मी मुलांना वर्षानुवर्षं आकडे पाठ करायला लावले, मुठी करायचं कधी सुचलं नाही.

खडीसाखर
मग शब्दही तोच घ्या की! एएस म्हणजे 'एकदाणी', एसएस म्हणजे 'दोनदाणी'. मराठी, सुटसुटीत, डासाचा वास नाही.

पळसपान
अरे वा! 'तुम्ही एकदाणी आहात.' वाचताना भीती वाटत नाही.

शब्दवेल्हाळ
एकदाणी हा गळ्यातला दागिना आहे. सोन्याच्या मण्यांचा एक सर. कोशात आहे, कुठल्याही सराफाला विचारा. 'तुम्ही एकदाणी आहात' म्हणजे तुम्ही नेकलेस आहात.

लाल डबा
रुग्णवाहिकेपेक्षा नेकलेस बरा.

सातपुडा
आमच्याकडे गळ्यात चांदीचं घालतात, एकदाणी कुणाला माहीत नसेल. पण भंडाऱ्याकडे गोंधळ होईल का?

तिखटमीठ
होऊ दे की. एका शब्दाला दोन अर्थ असले म्हणून कुणी मरत नाही. वाहकाला चार आहेत.

निवृत्त मास्तर
मी अजूनही 'वाहक'च ठेवा म्हणेन. उद्या ती बाई जिल्हा रुग्णालयात गेली तर तिथल्या कागदावर 'एकदाणी' नसणार.

पळसपान
सर, ते डोक्यात आहेच. छापखान्याचा दोनदा फोन येऊन गेला. तूर्त 'वाहक' ठेवतेय, खाली कंसात 'एक दाणा लाल' आणि शेजारी मुठींचं चित्र. चवळीला लाल शाई लागेल, खर्च वाढणार. 'आनुवंशिक' दुरुस्त केलंय. 'अप्रभावी'साठी उद्या वेगळा धागा काढते.

खडीसाखर
एकदाणी आणि बोरमाळ यात फरक काय पण? माझ्या आजीकडे जे होतं त्याला आई बोरमाळ म्हणते आणि मावशी एकदाणी.

शब्दवेल्हाळ
बोरमाळेचे मणी बोरासारखे लांबट, आतून पोकळ, लाख भरलेली. एकदाणीचे मणी गोल. मणी वाटीत टाकून आवाज ऐका.

लाल डबा
आमच्या आईची बोरमाळ होती. मोडली तेव्हा सोनं निघालं चिमूटभर आणि लाख मूठभर.

खडीसाखर
मग मावशी चुकतेय. आईला आत्ताच फोन लावते, तिकडे सकाळ झाली असेल.